वाचकांचे प्रश्न : मेडिकल क्लेम अडतो कुठे?

प्रश्न : मी केंद्र सरकारी नोकरीत असून सीजीएचएसचं (केंद्र सरकारच्या आरोग्य योजनेचं) कार्ड आहे. पत्नीच्या छातीत रात्री दोनच्या सुमारास कळा येऊ लागल्या, म्हणून घराजवळच्याच खासगी रुग्णालयात नेलं. तिथे अँजिओप्लास्टी झाली. रुग्णालय योजनेच्या यादीत नाही. बिल तीन लाखांच्या वर आहे. पैसे मिळतील का?
– एक वाचक, अँटॉप हिल

उत्तर : मिळतील, पण बिलाइतके नाहीत. यादीबाहेरच्या रुग्णालयाचा क्लेम तातडीच्या उपचारापुरताच धरतात आणि सीजीएचएसचा दर किंवा प्रत्यक्ष खर्च, यांत जे कमी असेल ते देतात. फरक तुमच्या खिशातून.

ही तातडी कागदावर दिसायला हवी. रुग्णालयाकडून तातडीच्या प्रमाणपत्राची मूळ प्रत घ्या. डिस्चार्ज समरीत दुखणं कधी सुरू झालं, दाखल किती वाजता केलं आणि ईसीजीत काय दिसलं, हे आहे ना ते घरी जाण्याआधी वाचून घ्या. समरी बहुधा ठरावीक साच्यातून निघते आणि त्यात ‘नियोजित अँजिओप्लास्टीसाठी दाखल’ असं वाक्य राहून गेलं, तर प्रमाणपत्र जोडूनही क्लेम परत येतो.

अँजिओप्लास्टीला पॅकेजचा दर असतो. खोलीभाडं, डॉक्टरांची फी, नेहमीची औषधं त्यातच आली. त्यामुळे मेडिकल स्टोअरच्या पावत्यांची वेगळी बेरीज करून रक्कम वाढत नाही. स्टेंट (रक्तवाहिनीत बसवलेली जाळीदार नळी) मात्र पॅकेजबाहेर, ठरलेल्या कमाल किमतीपर्यंत मिळतो (२०१७ पासून स्टेंटच्या किमतीवर सरकारी मर्यादा आहे). त्यासाठी स्टेंटचं स्वतंत्र बिल, वेष्टनाचं पाकीट आणि त्यावरचं बॅच व सीरियल नंबरचं स्टिकर लागतं. हे स्टिकर बऱ्याचदा रुग्णालयाच्या केसपेपरवरच चिकटलेलं राहतं. डिस्चार्जच्या वेळी आठवणीने मागा, महिन्याभराने हाती लागणं कठीण.

‘तपासण्या’ असा एकच आकडा चालत नाही. प्रत्येक तपासणीचा दर वेगळा दाखवलेलं बिल घ्या. खोलीचा दर्जा मूळ वेतनावर ठरतो: ३६,५०० रुपयांपर्यंत जनरल, ५०,५०० पर्यंत सेमी-प्रायव्हेट, त्यापुढे प्रायव्हेट. वरचा वर्ग घेतलात तर जादा भार तुमचा.

क्लेम डिस्चार्जपासून सहा महिन्यांत द्या. तुम्ही नोकरीत आहात, तेव्हा तो आपल्या कार्यालयातच द्यायचा. वेलनेस सेंटरमध्ये, म्हणजे सीजीएचएसच्या दवाखान्यात, देतात ते पेन्शनर. सोबत तुमच्या आणि पत्नीच्या, अशा दोन्ही कार्डांच्या प्रती लावा. देण्याआधी सगळ्या संचाची झेरॉक्स काढून पोच घ्या.

प्रश्न : नवऱ्याच्या कंपनीचा मेडिक्लेमही आहे. दोन्हीकडून पैसे घेता येतात का?
– एक वाचक, मुलुंड

उत्तर : येतात, पण आधी विमा कंपनी, मग सीजीएचएस. मूळ बिलं विमा कंपनीला द्या. तिच्याकडून शिक्का मारलेल्या प्रती आणि किती रक्कम दिली याचं पत्र घ्या. उरलेल्या रकमेसाठी सीजीएचएसकडे जायचं, तेही योजनेच्या दरांच्या मर्यादेत. दोन्ही मिळून बिलाच्या वर रक्कम जाता कामा नये. उलट क्रमाने गेलात तर मूळ बिलं कार्यालयात अडकतात आणि विमा कंपनी झेरॉक्सवर बोळवण करून घेत नाही.

प्रश्न : मी विवाहित आहे. सीजीएचएसमध्ये अवलंबित म्हणून आईचं नाव लावू की सासूबाईंचं? आईला थोडी फॅमिली पेन्शन आहे.
– एक वाचक, कल्याण

उत्तर : आईवडील किंवा सासूसासरे, एकच जोडी. निवड नोकरीच्या काळात एकदाच बदलता येते, तेव्हा विचार करून ठरवा. २०२३ पासून पुरुष कर्मचाऱ्यांनाही सासूसासऱ्यांची नावं निवडण्याची मुभा आहे. अवलंबितासाठी उत्पन्नाची मर्यादा दरमहा ९,००० रुपये अधिक त्यावरचा महागाई भत्ता. भत्ता वाढला की मर्यादाही वाढते. आईची पेन्शन, ठेवींचं व्याज, भाडं सगळं यात मोजा. जोडीदाराला ही अट नाही.

राज्य सरकारी वाचकांनी वरील आकडे स्वतःला लावू नयेत. त्यांचे क्लेम १९६१ च्या वैद्यकीय देखभाल नियमांखाली आणि १९ मार्च २००५ च्या शासन निर्णयातल्या आजारांच्या यादीनुसार तपासले जातात.