आरशाला आधी डाग पडू दे

तुझ्या कथेतला जादूचा आरसा वाचला. भूतकाळ दाखवतो, भविष्य सांगतो, दारासारखा उघडतो, वर जखमाही भरतो. अरे, मग नायकाने करायचं काय? एकच शक्ती ठेव आणि तिची किंमत ठरव. आरशात जे दिसेल तेवढं बघणाऱ्याच्या आठवणीतून पुसलं जाईल, असं काहीतरी. माझ्या पहिल्या कथेत मी हाच घोळ घातला होता. वही अजून माळ्यावर आहे.

दुसरं, आरसा फारच नवाकोरा वाटतो. तू मालवणचा ना? घरातला जुना आरसा बघ. खाऱ्या, दमट हवेने मागचा मुलामा कडेपासून काळा पडत येतो आणि मधे चेहऱ्यापुरती जागा उरते. तुझाही आरसा तसाच झिजव, दर वापराला एक डाग. किती वापर उरले ते वाचकाला न सांगता कळेल.

काचेवर चांदी चढवायची जर्मन रसायनशास्त्रज्ञ लीबिगची रीत १८३५ च्या सुमाराची. तुझं राज्य त्याहून जुन्या वळणाचं, तेव्हा घासून चकचकीत केलेला धातू घे. केरळात आरन्मुळ्याला तांबं-कथलाचे आरसे अजून बनतात. त्यांना मागे काळा पडणारा मुलामा नाही, पण हिरवट कळा येऊ शकते. ती तर आणखी बरी!

आणि जत्रेत दशावतार सुरू व्हायच्या आधी रंगपटात जाऊन बस. छोट्या आरशात बघत माणूस स्वतःच रंग लावतो, आणि बघता बघता राजा होतो. तो क्षण तुझ्या कथेत कुठेच नाही.

पुढचं प्रकरण पाठव. नकाशे नकोत.