वकील आणि जमातीचे प्रमुख : रॉस स्विमर

प्रश्न : मी कायद्याच्या शेवटच्या वर्षाला असून पुढे गडचिरोलीतल्या ग्रामसभांसोबत काम करण्याचा विचार आहे. अमेरिकेतल्या चेरोकी जमातीचे प्रमुख रॉस स्विमर हे वकील होते, असे वाचले. वकिलीचा त्यांना त्या पदावर काय उपयोग झाला? नंतर ते केंद्र सरकारात गेले, याकडे कसे पाहावे?
– एक विद्यार्थिनी, धरमपेठ, नागपूर

उत्तर : स्विमर 1967 मध्ये ओक्लाहोमा विद्यापीठाचे कायद्याचे पदवीधर झाले, पुढे चेरोकी नेशनचे, म्हणजे चेरोकी जमातीच्या स्वशासित सरकारचे, विधी सल्लागार बनले आणि 1975 मध्ये प्रिन्सिपल चीफ (जमातीचे प्रमुख) म्हणून निवडून आले. त्यांच्या वकिलीचे मोल मात्र आधीचा काळ पाहिल्याशिवाय कळणार नाही. 1898 च्या कर्टिस कायद्याने जमातीची न्यायालये बंद पाडली, सामाईक जमिनीची वाटणी झाली आणि पुढे तर चीफची नेमणूकच अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष करू लागले; जमिनीच्या कागदांवर सही हवी म्हणून एका दिवसापुरते चीफ नेमण्यापर्यंत मजल गेली होती. 1970 च्या कायद्याने निवडणुकीचा हक्क परत मिळाला आणि 1971 मध्ये डब्ल्यू. डब्ल्यू. कीलर निवडून आले, तरी जमातीच्या कारभाराला स्वतःच्या नव्या राज्यघटनेचा आधार अजून नव्हता.

तो आधार स्विमर यांच्या कारकिर्दीत मिळाला. 1976 मध्ये मतदारांनी मंजूर केलेल्या राज्यघटनेने चीफ, 15 सदस्यांचे मंडळ आणि न्यायाधिकरण यांचे अधिकार वेगवेगळे केले, आणि माझ्या मते त्यांच्या कारकिर्दीतले सर्वांत टिकाऊ काम हेच. तिच्यात एक बोचणारे कलमही होते : घटनादुरुस्तीला राष्ट्राध्यक्षांची किंवा त्यांच्या प्रतिनिधीची संमती आवश्यक होती. ते काढून टाकण्याच्या बाजूने मतदारांनी 2003 मध्ये कौल दिला.

माणसे पारखण्याची त्यांची नजरही सांगितली पाहिजे. बेल या गावात कित्येक घरांना नळाचे पाणी नव्हते. तिथे विल्मा मॅनकिलर यांच्या पुढाकाराने गावकऱ्यांनी स्वतः खणून सुमारे 26 किलोमीटरची जलवाहिनी टाकली, एकेका कुटुंबाने आपापला टप्पा वाटून घेतला. स्विमर रिपब्लिकन, मॅनकिलर डेमोक्रॅट. शिवाय बाईमाणूस म्हणून विरोध होता, तरी 1983 मध्ये त्यांनी तिलाच उपप्रमुखपदासाठी सोबत घेतले. 1985 मध्ये ते रेगन सरकारात इंडियन (अमेरिकेतले मूळ रहिवासी) व्यवहारांचे सहायक सचिव झाले आणि मॅनकिलर चेरोकी नेशनच्या पहिल्या महिला प्रमुख बनल्या.

सरकारी पदांबाबत मी इतका उदार नाही. 2003 पासून स्विमर इंडियनांच्या न्यासखात्यांवर (सरकारने त्यांच्या वतीने सांभाळलेल्या पैशांच्या खात्यांवर) देखरेख करणारे विशेष विश्वस्त होते; त्या काळात, इलोइस कोबेल यांनी या खात्यांच्या हिशेबासाठी 1996 मध्ये लावलेल्या दाव्यात ते सरकारच्या बाजूला होते. त्या दाव्यात 2009 मध्ये 3.4 अब्ज डॉलरची तडजोड झाली. हेतूवर शंका न घेताही, जमातीच्या वकिलाने अशी जागा स्वीकारावी काय, हा प्रश्न उरतोच.

तुम्हाला ग्रामसभांसाठी काम करायचे आहे, म्हणून पेसाचे (आदिवासी क्षेत्रांतल्या ग्रामसभांना अधिकार देणाऱ्या कायद्याचे) महाराष्ट्राचे 2014 चे नियम आणि चेरोकींची 1976 ची घटना शेजारी ठेवून वाचा. अधिकार कोण देतो आणि तो कोण काढून घेऊ शकतो, एवढेच प्रत्येक कलमाला विचारा.