‘आमच्यात असंच असतं’

अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र येऊन चार दिवस झाले. उत्तर घाईत लिहायचं नव्हतं. मानवी हक्कांच्या कामासाठी तू गेलीस त्या बैठकीत तिथल्या एका रीतीचा विषय निघाला, तेव्हा कुणीतरी ठासून म्हणालं, ‘आमच्यात असंच असतं’, आणि तू गप्प बसलीस. दाराशी उभी असलेली ती मुलगी तेवढ्यापुरती मान वर करून तुझ्याकडे बघून गेली, आणि तू रात्रभर स्वतःला विचारत राहिलीस, आपण बाहेरचे, आपण कोण त्यांना सांगणारे? हा प्रश्न तुला पडला याचा मला आनंद आहे. ज्याला तो कधीच पडत नाही, त्याच्या हाती हे काम देऊ नये.

तुझी शंका जुनीच आहे. 1947 साली मानवी हक्कांच्या जाहीरनाम्याचा मसुदा अजून घडत होता, तेव्हा अमेरिकेतल्या मानववंशशास्त्रज्ञांच्या संघटनेनं संयुक्त राष्ट्रांना लेखी बजावलं होतं की युरोप-अमेरिकेची मूल्यं म्हणजे साऱ्या जगाची मूल्यं असं धरून चालू नका. त्यांची भीती खोटी नव्हती. ‘सुधारणे’च्या नावाखाली किती लोकांच्या भाषा, देव आणि जमिनी गेल्या, हे त्यांनी जवळून पाहिलं होतं. त्याच संघटनेनं 1999 मध्ये मानवी हक्कांच्या बाजूनं नवं निवेदन काढलं. तिथवर यायला बावन्न वर्षं लागली, तेव्हा तुला एक रात्र जागावं लागलं याचं वाईट वाटून घेऊ नकोस.

पण ‘हे सगळं पाश्चात्त्यांनी लादलं’ असं कुणी म्हणालं, तर त्याला संयुक्त राष्ट्रांच्या त्या जाहीरनाम्याचा मसुदा कसा घडला ते सांग. मसुदा समितीत चीनचे पी. सी. चांग होते, लेबनॉनचे चार्ल्स मलिक होते, चिलीचे एर्नान सांता क्रूझ होते. पहिल्या कलमात ‘ऑल मेन’ असे शब्द होते. भारताच्या हंसा मेहता त्यावर अडून बसल्या, कारण त्याचा अर्थ ‘सर्व पुरुष’ असाही लावता आला असता, आणि तो लावणारे कमी नव्हते. तिथे ‘ऑल ह्यूमन बीइंग्ज’ आलं. 10 डिसेंबर 1948 ला पॅरिसमध्ये मतदान झालं, तेव्हा 48 देश बाजूनं होते, विरोधात एकही नाही, आणि 8 तटस्थ. धर्म बदलण्याच्या हक्कावर सौदी अरेबियाचा आक्षेप होता आणि तो देश तटस्थ राहिला. पाकिस्तानच्या जफरुल्ला खानांनी मात्र त्याच हक्काचं समर्थन कुराणाच्या आधारानं केलं. दोघेही आपल्या परंपरेतूनच बोलत होते. माझं सगळं म्हणणं खरं तर एवढंच आहे. संस्कृतीला एकच आवाज कधी नसतो. ‘आमच्यात’ म्हणणाऱ्याला विचारायचं, त्या ‘आमच्यात’ कोण कोण येतं?

हे मी पुस्तकातून शिकले नाही. कामाच्या सुरुवातीच्या वर्षांत एका बाईचं म्हणणं नोंदवायला बसले होते. तिची भाषा मला येत नव्हती, म्हणून दुभाष्या म्हणून तिचा दीर शेजारी बसला. मी एक प्रश्न विचारला. ती बोलत राहिली, हातातला रुमाल पिळत, मध्येच थांबत, पुन्हा सुरू करत. तिचं बोलून झाल्यावर दीर म्हणाला, ‘ती म्हणते, तिची काही तक्रार नाही.’ आणि मी ते तसंच लिहून घेतलं. वर मनात म्हटलं, आपण त्यांच्या रीतीचा मान राखला. तो कागद पुढे दुरुस्त करता आला नाही. तेव्हापासून घरातला दुभाष्या मी घेत नाही, तूही घेऊ नकोस.

आणि हक्क एकीकडे, संस्कृती दुसरीकडे, अशी मांडणी कुणी केली तर लगेच मान डोलावू नकोस. कॅनडातल्या सँड्रा लव्हलेस यांची गोष्ट लक्षात ठेव. त्या मालिसीट या आदिवासी समाजातल्या. तिथल्या कायद्यानुसार आदिवासी स्त्रीनं बाहेरच्या पुरुषाशी लग्न केलं की तिचा आदिवासी दर्जा जायचा. पुरुषाचा जात नसे. लग्न मोडल्यावर त्या परत आल्या, तर आपल्याच वस्तीत राहण्याचा हक्क उरला नव्हता. त्यांनी संयुक्त राष्ट्रांच्या मानवी हक्क समितीकडे दाद मागितली. आपल्या लोकांत राहून आपली संस्कृती जगण्याचा त्यांचा हक्क डावलला गेला, असा निर्णय 1981 मध्ये आला, आणि 1985 मध्ये कॅनडानं कायदा बदलला. त्या बाईला संस्कृतीतून सुटका नको होती, तिला घरी परत जायचं होतं.

सगळ्यात जास्त मी सेनेगलकडून शिकले. मालिकुंदा बांबारा गावातल्या बायकांनी 1997 मध्ये जाहीर केलं की आमच्या मुलींची सुंता आम्ही थांबवतो आहोत. त्याआधी त्या गावच्या शिक्षणवर्गात आरोग्य आणि हक्क यांवर आपापसात बोलल्या होत्या. पण आजूबाजूची गावं चिडली. तेव्हा डेंबा दियावारा नावाच्या वयस्कर इमामांनी नेमकी गाठ ओळखली. सोयरिकी गावागावांत होतात. एकट्या गावानं प्रथा सोडली तर त्याच्या मुलींना करून कोण घेणार? आई मुलीला इजा करत होती ती दुष्टपणानं नव्हे, तिचं लग्न व्हावं म्हणून. मग ते नातेवाइकांच्या गावोगाव पायी फिरले, आणि 1998 मध्ये 13 गावांनी मिळून निर्णय जाहीर केला. बाहेरच्या माणसाला ही गाठ दिसली असती का? मला तरी शंका आहे.

म्हणून ऐकायचं. पण ऐकणं म्हणजे माघार घेणं असं समजू नकोस. युनेस्कोच्या 2001 च्या सांस्कृतिक विविधतेच्या जाहीरनाम्यातलं चौथं कलम स्पष्ट आहे: विविधतेचं कारण सांगून कुणाच्याही मानवी हक्कांवर घाला घालता येत नाही. लोक काय नेसतात, कुणापुढे हात जोडतात, मेलेल्यासाठी कसे रडतात, यातलं तुला विचित्र वाटेल ते निमूट राहू दे. तुझ्या नापसंतीला तिथे काही किंमत नाही. पण जिला ‘नाही’ म्हणता येत नाही, किंवा म्हटलं तर घर, मुलं, माणसं सगळंच गमवावं लागेल, तिथे थांब आणि उठू नकोस.

पुढच्या बैठकीला थोडी लवकर जा. वडीलधाऱ्यांना आधी भेट, त्यांची ही रीत कशी सुरू झाली ते विचार आणि मध्ये न बोलता ऐक. मग त्या दाराशी उभ्या असलेल्या मुलीशी बोलायला वेगळी जागा आणि घराबाहेरची दुभाषी बाई मिळते का बघ. तिला बोलायचं नसेल तर आग्रह नको, फक्त पुन्हा कधी येशील ते सांगून ये, आणि त्या दिवशी नक्की जा. ती काय म्हणाली ते मला तिच्याच शब्दांत कळव.