नशेत सूर चढतो का?

प्रश्न : माझा मुलगा सॅक्सोफोन शिकतो. ‘अमेरिकन जॅझ सॅक्सोफोनवादक चार्ली पार्कर नशेत असतानाच सर्वांत भारी वाजवायचा,’ असं तो म्हणतो. खरं आहे का? – एक आई

उत्तर : नाही हो ताई. मी तीस वर्षं हेच वाद्य वाजवतोय, म्हणून कळकळीनं लिहितो. १९३६ मध्ये मोटार अपघातात पार्करच्या बरगड्या मोडल्या, वेदनेवर मॉर्फिन मिळालं आणि पुढे हेरॉइन. तेव्हा तो जेमतेम सोळा वर्षांचा होता! मुलाला त्याचं २९ जुलै १९४६ चं लॉस एंजेलिसमधलं ध्वनिमुद्रण ऐकवा. त्या दिवशी त्याला धड उभंही राहवत नव्हतं. फुंक तुटते, सूर भरकटतात. माझ्या तर घशाशी आवंढा येतो. त्यानंतर सहा महिने तो कॅमारिलोच्या मनोरुग्णालयात होता. बाहेर आल्यावर, १९४७ च्या सुरुवातीचं त्याचं वादन लगेच ऐकवा. स्वच्छ, खेळकर, भरधाव.

कीर्ती होतीच. न्यूयॉर्कमधल्या ‘बर्डलँड’ क्लबला नावही त्याच्याच ‘बर्ड’ या टोपणनावावरून मिळालं. पण व्यसन परत आलं. १२ मार्च १९५५ ला तो गेला. तपासणाऱ्या डॉक्टरांना तो पन्नाशी ओलांडलेला वाटला. वय होतं ३४.

दोन्ही ध्वनिमुद्रणं मुलाशेजारी बसून ऐका.