हजेरीपटावरून कमी केलेली नावं

प्रिय पोरी,

अनेक आशीर्वाद.

तुझा मसुदा दोन बैठकींत वाचून काढला. मेहनत दिसते. पण इटलीतल्या ज्यूंच्या छळाबद्दल लिहिताना सुरुवात तू त्यांना छावण्यांकडे नेणाऱ्या 1943 च्या आगगाड्यांपासून केली आहेस आणि त्याआधीचं सगळं एका वाक्यात उरकलं आहेस : 'हिटलरच्या दबावामुळे मुसोलिनीनेही ज्यूविरोधी कायदे केले.' हे वाक्य खोड. ते बहुधा माझ्याकडूनच तुझ्याकडे आलं असेल, कारण कित्येक वर्षं वर्गात मी असंच शिकवत होते. पुढे वाचन वाढलं तेव्हा कळलं, की त्या एका वाक्यात इटलीची पाच वर्षं गडप होतात. ज्या मुलांना मी ते शिकवलं त्यांच्याबद्दल आजही मनाला लागून राहतं. म्हणून हे पत्र.

1938 साली इटलीत जर्मन सैन्य नव्हतं, बर्लिनहून तसा हुकूमही आला नव्हता. वंशाची भाषा मुसोलिनीने त्याआधीच सरकारी कागदावर आणली होती, ती आफ्रिकेच्या निमित्ताने. इथिओपिया जिंकल्यावर 1937 मध्ये इटालियनांनी तिथल्या प्रजेशी संसार थाटणं गुन्हा ठरवला गेला. पुढच्या वर्षी तीच नजर घरातल्या माणसांकडे वळली. ही साखळी तुझ्या मसुद्यात यायलाच हवी.

ती माणसं, म्हणजे इटलीतले ज्यू, कोण होती, ते आधी नीट सांग. लोकसंख्येत हजारी जेमतेम एक, सुमारे 47 हजार. रोममध्ये त्यांची वस्ती दोन हजार वर्षांची. आपल्याकडे रेवदंडा-अलिबागच्या बेने इस्रायलींच्या, म्हणजे कोकणातल्या ज्यूंच्या, घरात जशी मराठी, तशी त्यांच्या घरात रोमची बोली. लुइजी लुत्झाती 1910 मध्ये पंतप्रधान झाला, तो ज्यू. 1932 ते 35 मुसोलिनीचा अर्थमंत्री गुइदो युंग, तोही ज्यू. आणि हे लिहायला कचरू नकोस, की हजारो ज्यू मुसोलिनीच्या फॅसिस्ट पक्षाचे सभासद होते. तुरीनचा सावकारी पेढीवाला एत्तोरे ओवात्सा पक्षाचा इतका कडवा भक्त, की ज्यू फॅसिस्टांसाठी त्याने वेगळं वर्तमानपत्र काढलं. ऑक्टोबर 1943 मध्ये इंत्रा गावी हिटलरच्या एस.एस. दलाच्या सैनिकांनी त्याला बायकोमुलांसकट मारलं. निष्ठा कामाला आली नाही. छळ कोणाच्या वागण्यामुळे होत नव्हता, हे त्याच्या गोष्टीतून जितकं कळतं तितकं दहा व्याख्यानांतून कळणार नाही.

आता 1938 च्या त्या उन्हाळ्याच्या तारखा. 14 जुलैला वंशशास्त्रज्ञांचा म्हणून जाहीरनामा छापून आला : इटालियन लोक आर्य आहेत, ज्यू त्यांच्यातले नाहीत. 22 ऑगस्टला ज्यूंची स्वतंत्र शिरगणती झाली. 5 सप्टेंबरला राजाने वटहुकमावर सही केली आणि ज्यू शिक्षक व विद्यार्थी सरकारी शाळांतून बाहेर काढले गेले. माझ्या मते तुझा लेख इथे सुरू व्हावा, शाळेच्या दारात. मिलानमध्ये लिलियाना सेग्रे ही ज्यू मुलगी आठ वर्षांची होती. घरात धर्माचं वातावरण नव्हतं. आता शाळेत जायचं नाही, हे तिला घरच्यांनी सांगितलं, आणि आपण ज्यू आहोत हे तिला खऱ्या अर्थाने तेव्हा कळलं. हजेरीपटावरून नाव कमी झालं. वर्ग मात्र भरला, हजेरी घेतली गेली, पाढे म्हटले गेले. मी आयुष्यभर हजेरी घेतली आहे, त्यामुळे या जागी मी दरवेळी थांबते.

नोव्हेंबरच्या कायद्याने बाकीचं केलं. मिश्र विवाह बंद. सरकारी नोकरी, सैन्य बंद. घरी 'आर्य' मोलकरीण ठेवायची नाही. ठरावीक मोलापेक्षा जास्त जमीन, घर नाही. मग वर्षागणिक एकेक परिपत्रक : रोमच्या गरीब फेरीवाल्यांचे परवाने गेले, घरातले रेडिओ गेले. पुढे लेखक म्हणून गाजलेल्या प्रीमो लेवीला 1941 मध्ये रसायनशास्त्राची पदवी मिळाली ती सर्वोच्च श्रेणीत, आणि प्रमाणपत्रावर शेरा 'ज्यू वंशाचा'. एक बारीक गोष्ट शब्दांबद्दल : त्या कायद्यात 'भेद केलेला' हा शब्द सवलत मिळालेल्या ज्यूसाठी होता, म्हणजे युद्धात कामी आलेल्यांचे नातलग, जुने पक्षसभासद वगैरे. राजवटीचे शब्द तसेच उचललेस तर अर्थ उलटा होईल.

विद्यापीठांतून शंभराच्या आसपास प्राध्यापक गेले. त्या खुर्च्यांचं काय झालं? भराभर भरल्या. फ्लॉरेन्सला अत्तिलिओ मोमिल्यानोची साहित्याची जागा मास्सिमो बोंतेंपेल्लीला देऊ केली, ती त्याने नाकारली. तो स्वतः राजवटीच्या मर्जीतला लेखक होता, तरी नाकारली. असं करणारे फार थोडे. हुकूमशहाबद्दल तू चार पानं लिहिलीस, त्यातली दोन या खुर्च्यांना दे.

मग 1943. जुलैत मुसोलिनी पडला, पण त्याच्या जागी आलेल्या बादोल्योच्या सरकारने पंचेचाळीस दिवसांत हे कायदे रद्द केले नाहीत. सप्टेंबरात जर्मन आले. त्यांना शोधत बसावं लागलं नाही, नावं-पत्ते पाच वर्षांपूर्वीच नोंदले गेले होते. 16 ऑक्टोबरला रोममध्ये धरपकड झाली, दोन दिवसांनी हजाराहून अधिक माणसं आगगाडीने आउश्वित्झच्या मृत्युछावणीकडे गेली, परत आली सोळा. 30 नोव्हेंबरला, जर्मनांच्या आधाराने उत्तरेत उभ्या राहिलेल्या मुसोलिनीच्या नव्या सरकारने स्वतःच सगळ्या ज्यूंना पकडण्याचा हुकूम काढला. लेवीला पकडलं ते इटलीच्याच फॅसिस्ट मिलिशियाने, म्हणजे पक्षाच्या सशस्त्र दलाने. लिलियानाला 30 जानेवारी 1944 रोजी मिलानच्या मध्यवर्ती स्थानकाखालून, टपालाचे डबे भरायच्या फलाटावरून नेलं, तेव्हा ती तेरा वर्षांची होती. वडील बरोबर होते, ते परतले नाहीत.

मठांनी, शेतकऱ्यांनी, शेजाऱ्यांनी हजारोंना लपवलं हेही खरं, आणि बहुसंख्य ज्यू वाचले. ते अवश्य लिही. फक्त त्या आधाराने 'इटालियन माणूस मुळात चांगला' असा निष्कर्ष काढू नकोस. तिथे ही समजूत दीर्घकाळ चालली आणि तिच्याआड बरंच काही लपलं.

शेवटचं पान गाएतानो अत्झारितीला दे. कोणाला ज्यू मानायचं याचा निवाडा करणाऱ्या 'वंश न्यायाधिकरणा'चा हा अध्यक्ष. 1957 मध्ये तो लोकशाही इटलीच्या घटना न्यायालयाचा अध्यक्ष झाला. आणि ज्या प्राध्यापकांना काढलं होतं ते परतले तेव्हा त्यांच्या खुर्च्या रिकाम्या करून दिल्या नाहीत, शेजारी जादा खुर्च्या मांडल्या.

पुन्हा लिहून पाठव. वाट पाहते.

तुझी,
बाई