बसलेला आवाज आणि एकटीची शाळा

प्रश्न : मी जिल्हा परिषदेच्या द्विशिक्षकी शाळेत प्रभारी मुख्याध्यापिका आहे. सोबतचे गुरुजी मतदारयादीच्या कामाला गेले की पहिली ते चौथीचे चारही वर्ग मीच सांभाळते; त्यातच पोषण आहाराच्या नोंदी आणि ऑनलाइन माहिती भरणे चालू असते. महिन्याभरापासून आवाज बसला आहे, दुपारनंतर तर शब्दच फुटत नाही. हळद-दूध, मिठाच्या गुळण्या सगळे करून झाले. रजा घ्यावी, तर शाळा कोण पाहणार?
— एक शिक्षिका, सातारा जिल्हा

उत्तर : ताई, तीन आठवड्यांनंतरही आवाज सुटला नाही, तर कान-नाक-घसा तज्ज्ञांना दाखवायलाच हवे, आणि तुमची ती मुदत केव्हाच उलटली आहे. बोलताना स्त्रियांचे स्वरतंतू सेकंदाला साधारण 200 वेळा एकमेकांवर आदळतात. वर्गातल्या गलक्यावर आवाज चढवला की हा आघात वाढतो आणि कुदळ धरणाऱ्या हाताला घट्टे पडावेत तशा तिथे बारीक गाठी येऊ शकतात. वेळीच लक्ष दिले, तर स्वरोपचाराने त्या बहुधा शस्त्रक्रियेवाचून बऱ्या होतात. गुळण्यांचे पाणी स्वरयंत्रापर्यंत पोहोचतच नाही, म्हणून तुम्हाला त्यांचा गुण आला नसावा. कुजबुजत बोलल्यानेही घशाला आराम मिळत नाही, उलट ताणच पडतो. मुलांना गप्प करायला हाक मारण्याऐवजी टाळीची किंवा घंटेची खूण ठरवा.

आणखी एक गोष्ट तुम्ही लिहिलेली नाही, तरी विचारते : शाळेत तुम्ही पाणी पिता का? स्वच्छतागृहाला धड कडी नसते, म्हणून सकाळपासून घोटभरही पाणी न पिणाऱ्या कितीतरी शिक्षिका मी तपासल्या आहेत. शाळा व्यवस्थापन समितीच्या सचिव तुम्हीच आहात. पुढच्या बैठकीत हा विषय संकोच न करता मांडा.

रजेचे म्हणाल, तर शिक्षण हक्क कायदा 2009 च्या कलम 27 मध्ये जनगणना, आपत्ती निवारण आणि निवडणुकीच्या कामांना मुभा आहे, त्यामुळे गुरुजींना जावे लागत असेल. परंतु त्या काळात मुलांची पर्यायी सोय करणे ही प्रशासनाची जबाबदारी आहे आणि ती तुम्ही एकटीने घशावर ओढून घेऊ नये. डॉक्टरांचे प्रमाणपत्र जोडून वैद्यकीय रजेचा अर्ज करा, त्याच अर्जात बदली शिक्षक मागा आणि केंद्रप्रमुखांकडून पोच घ्या.