चिंबोरीचे बारीक पाय फेकू नकोस

आजीच्या हातची चव जपायला निघालायस, बरं वाटलं. सशा-भेकराच्या मटणाचं मात्र फक्त ऐकून वहीत उतरव. 1972च्या वन्यजीव कायद्यानंतर ती चूल विझली, ते ठीकच झालं.

सुरुवात चिंबोरीपासून, म्हणजे खेकड्यापासून कर. घेताना हातात तोलून बघ. आकाराच्या मानाने जड लागली तर भरलेली. पौर्णिमेची पोकळ, अवसेची भरलेली म्हणतात आमच्याकडे, पण मी तोलल्याशिवाय घेत नाही. नांग्या जरा ठेचून कालवणात टाकायच्या. बारीक पाय वाटीभर पाण्यात वाटायचे (मिक्सर चालतो, पाट्याचा हट्ट नको) आणि फडक्यातून घट्ट पिळायचे. ते करडं पाणी म्हणजेच कालवणाची चव. रस्सा उकळायच्या आधी ओतायचं आणि ढवळत राहायचं. मी पहिल्यांदा ओतून फोनवर बोलत बसले, तर फाटलेल्या दुधासारख्या गुठळ्या! घरच्यांनी निमूट खाल्लं, मग महिनाभर ऐकवलं.

आणि आजीला ‘किती चमचे?’ विचारू नकोस. तिची मसाल्याची मूठ पातेल्यावर जायच्या आधी वाटीत पकड आणि वजन कर.